दारू सुटलेल्या माणसाची गोष्ट : त्यातले काय घ्यावे, काय घेऊ नये

प्रत्येक गावात अशी एक गोष्ट असते. अमक्याने पोळ्याच्या करीला शेवटची घेतली, दुसऱ्या दिवशी माळ घातली आणि त्यानंतर आजतागायत हात लावला नाही. सांगणारा ती अभिमानाने सांगतो आणि शेवटी जोडतो, "मनावर घेतलं की सुटते."

अशा गोष्टी खऱ्या असतात आणि त्यांचा उपयोगही होतो. पण अमरावती-अकोल्याकडच्या रुग्णांना तपासताना मला दिसते, की या गोष्टींतून दोन भाग नेहमी गळतात. एक, दारू बंद केल्यानंतरचे पहिले काही दिवस. दुसरा, त्यानंतरचे वर्ष. पहिल्या भागात जिवाला धोका असू शकतो. दुसऱ्या भागात दारू पुन्हा सुरू होण्याची शक्यता सर्वात जास्त असते. तुमच्या घरात कोणी दारू सोडण्याच्या विचारात असेल, किंवा तुम्ही स्वतः असाल, तर हे दोन्ही भाग आधी समजून घ्या.

सवय की आजार?

स्वतःलाच चार प्रश्न विचारा आणि खरे उत्तर द्या.

- पिणे कमी करायला हवे, असे कधी वाटले का?
- पिण्यावरून कोणी बोलले की राग येतो का?
- पिण्याबद्दल अपराधी वाटते का?
- हात थरथरतात किंवा डोके जड होते म्हणून सकाळी उठल्याबरोबर घ्यावी लागते का?

दोन किंवा अधिक प्रश्नांना "हो" असेल तर डॉक्टरांशी बोलायला हवे. चौथ्या प्रश्नाला "हो" असेल तर ते लवकर करायला हवे, कारण शरीर दारूवर अवलंबून असल्याची ती खूण आहे. देशी, मोहाची, इंग्लिश किंवा बिअर, यात शरीर फरक करत नाही. "मी फक्त बिअर घेतो" हे उत्तर रोज ऐकू येते, पण मोजायचे ते दिवसभरात पोटात गेलेले एकूण अल्कोहोल.

हा आजार फार कमी लोकांच्या बाबतीत डॉक्टरपर्यंत पोहोचतो. केंद्र सरकारने एम्सकडून करून घेतलेल्या आणि 2019 मध्ये जाहीर झालेल्या देशव्यापी पाहणीनुसार दारूवर अवलंबून असलेल्या 38 जणांपैकी जेमतेम एकाला कोणत्याही प्रकारचे उपचार मिळाले होते. उरलेले 37 जण एक तर पीत राहतात, नाही तर एकट्याने सोडायचा प्रयत्न करतात.

पहिले चार दिवस : गोष्टीत न सांगितलेला भाग

दारू मेंदूला शांत करते. रोज पिणाऱ्याचा मेंदू तो दाब गृहीत धरून स्वतःची उत्तेजना वाढवून ठेवतो. भरलेली गाडी ओढण्यासाठी जोर लावलेल्या बैलांची जोती एकदम सुटली तर ते जसे उधळतील, तसे दारू अचानक बंद केल्यावर मेंदूचे होते. साधारण क्रम असा असतो.

- 6 ते 24 तास : हातांना कंप, घाम, धडधड, मळमळ, चिडचिड, झोप न लागणे.
- 6 ते 48 तास : काहींना झटका येतो. आधी कधी फिट आली नसेल तरीही येऊ शकतो.
- 2 ते 4 दिवस : काहींना भ्रम होतो. वेळ-काळ कळत नाही, नसलेली माणसे किंवा किडे दिसतात, ताप येतो, रक्तदाब आणि नाडी वाढते. ही अवस्था जीवघेणी ठरू शकते.

प्रत्येकाला हे सगळे होत नाही. बऱ्याच जणांचा त्रास कंप आणि निद्रानाशावरच थांबतो. पण कोणाचा कुठे थांबेल हे घरी बसून सांगता येत नाही.

मूर्तिजापूरकडचा एक चाळिशीतला माणूस असाच आला होता. वीस वर्षे रोज पिणारा. मुलीच्या लग्नाआधी सोडायची म्हणून देवासमोर शपथ घेतली आणि खरोखर बंद केली. तिसऱ्या रात्री तो अंगावरून मुंग्या झटकू लागला, भिंतीवर कोणीतरी उभे आहे म्हणून ओरडू लागला. घरच्यांना बाहेरचे काही लागले असे वाटले. मांत्रिकाकडे एक दिवस गेला. दवाखान्यात आणले तेव्हा नाडी 130 च्या वर होती. त्याची बायको मला म्हणाली, "याईनं तं चार दिवस झाले सोडली, सायेब. मंग आता काहून असं करून राह्यले?"

सोडली म्हणूनच असे झाले, हे तिला कोणी सांगितले नव्हते. त्याला मोठ्या रुग्णालयात दाखल करून उपचार मिळाले आणि तो वाचला. पण अशा वेळी घरचे लोक काय करतात? "सोडल्यानं तर जास्त बिघडलं" असे म्हणून स्वतःच पव्वा आणून देतात, आणि माणसाच्या मनात पक्के बसते की दारूशिवाय आपण जगू शकत नाही.

म्हणून रोज भरपूर पिणाऱ्याने शपथेचा दिवस ठरवण्याआधी डॉक्टरांना भेटावे आणि त्यांच्या सल्ल्याशिवाय एकदम बंद करू नये. सकाळी घ्यावी लागते, आधी सोडताना झटका आला होता, वय जास्त आहे, कावीळ किंवा पोटात पाणी झाले आहे, यांपैकी काहीही असेल तर दारू दाखल होऊनच सोडावी.

या काळात डॉक्टर मेंदू शांत ठेवणाऱ्या गोळ्या देतात आणि साधारण आठवडाभरात त्या कमी करत बंद करतात. त्या मेडिकलमधून परस्पर आणू नका. प्रमाण चुकले तर धोका आहे, आणि त्यांचीही सवय लागते.

सलाईनबद्दलही एक महत्त्वाचे. आपल्याकडे अशक्त माणसाला आधी "एक बाटली लावा" असा आग्रह असतो. बरीच वर्षे पिणाऱ्याच्या शरीरात जीवनसत्त्व ब-1, म्हणजे थायमिन, फार कमी झालेले असते. अशा माणसाला थायमिन न देता नुसते ग्लुकोजचे सलाईन दिले तर मेंदूला कायमची इजा होऊ शकते. डोळ्यांची हालचाल बिघडते, तोल जातो, स्मरणशक्ती जाते. म्हणून कोणत्याही दवाखान्यात नेले तरी "हे रोज दारू पितात आणि अमक्या दिवशी बंद केली" हे पहिल्याच वाक्यात सांगा. लाजेपोटी लपवू नका.

माळ आणि शपथ यांचे काय?

माळ घालणाऱ्याला मी कधीही अडवत नाही. फक्त म्हणतो, आधी तपासून घ्या, मग घाला. माळ अंगातली दारू उतरवत नाही, पण गळ्यात माळ असली की मित्र आग्रह करत नाहीत, संध्याकाळ भजनात जाते आणि नवी माणसे जोडली जातात. सोडलेली टिकवायला नेमके हेच लागते.

आपल्या मातीतली एक गोष्ट इथे आठवते. गाडगेबाबांचा जन्म 1876 साली अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावचा. त्यांचे वडील झिंगराजी दारूच्या आहारी गेले, घर खंगले, आणि डेबू लहान असतानाच ते वारले. आई मुलाला घेऊन मूर्तिजापूरजवळच्या दापुऱ्याला भावाकडे गेली. पुढे स्वतःच्या मुलीच्या बारशाला रिवाजाप्रमाणे दारू आणि मटण देण्याऐवजी डेबूजींनी गोडाचे जेवण दिले. लोक नाराज झाले, तरी ते मागे हटले नाहीत. आयुष्यभर त्यांनी कीर्तनातून दारूविरुद्ध सांगितले.

डॉक्टर म्हणून मला या गोष्टीत दोन गोष्टी दिसतात. झिंगराजींसाठी त्या काळी कुठलाही उपचार नव्हता, आज आहे. आणि डेबूजींनी दारूभोवतीचा रिवाज बदलला. बारसे, पोळा, लग्नाची वरात, निवडणूक, प्रत्येक ठिकाणी दारू ठेवून आपण नुकत्याच सोडलेल्या माणसाची रोज परीक्षा घेतो. ती परीक्षा कमी करणे कुटुंबाच्या आणि गावाच्या हातात आहे.

आपली गोष्ट सांगण्याने बरे वाटते का?

हो, आणि त्याला जवळपास नव्वद वर्षांचा अनुभव आहे. 1935 साली अमेरिकेत अ‍ॅक्रन शहरात बिल विल्सन नावाचा शेअर बाजारातला माणूस आणि डॉ. बॉब स्मिथ हा सर्जन भेटले. दोघेही दारूने पार खचलेले. बिलची काही महिन्यांपूर्वी सुटली होती, पण पुन्हा ओढ लागली होती. दुसऱ्या पिणाऱ्याशी बोलले तर आपण टिकू, असे त्याला जाणवले. त्याने उपदेश केला नाही, स्वतःचे झाले तसे सांगितले. त्यातून अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमस ही संघटना उभी राहिली. "आजचा दिवस प्यायची नाही" एवढेच ध्येय, आणि सभेत प्रत्येक जण स्वतःचीच गोष्ट सांगतो. फी नाही, आडनाव सांगावे लागत नाही.

डॉ. बॉब स्वतः डॉक्टर होते, हे लक्षात घ्या. दारूने यकृताचे काय होते हे त्यांना माहीत होते, तरी नुसत्या माहितीने दारू सुटली नाही.

महाराष्ट्रात 1986 साली डॉ. अनिता अवचट आणि अनिल अवचट यांनी पुण्यात मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र सुरू केले. व्यसनातून बाहेर आलेली माणसे तिथे पुढे समुपदेशक म्हणून काम करतात. नव्याने दाखल झालेल्याला "तुला काय कळणार माझं?" असे त्यांना म्हणता येत नाही. मी कितीही समजावले तरी ही जागा मला घेता येत नाही.

गुपचूप औषध देऊ नका

"त्यांना कळू न देता भाजीत घालायचं काही द्या," अशी मागणी बायका आणि आया डोळ्यांत पाणी आणून करतात. त्यांची तळमळ खरी असते, पण हे करू नका. डायसल्फिराम हे औषध घेतलेल्या माणसाने दारू प्यायली तर उलट्या होतात, छातीत धडधडते, रक्तदाब झपाट्याने उतरतो आणि कधी जीवही जातो. हे औषध रुग्णाला सगळे समजावून, त्याच्या संमतीने आणि तपासण्या करूनच द्यायचे असते. जाहिरातीतल्या पुडीत काय असते, हे तर सांगताच येत नाही.

ओढ कमी करणारी नाल्ट्रेक्सोन आणि अकॅम्प्रोसेट ही औषधेही आहेत. यकृत आणि मूत्रपिंड तपासून ती ठरवतात, आणि साधारणपणे काही महिने घ्यावी लागतात.

पुन्हा प्यायली तर?

मधुमेहाच्या रुग्णाची साखर वाढली तर आपण औषध बंद करत नाही, काय चुकले ते पाहतो. इथेही तसेच. पहिल्या वर्षात एकदा घसरणे म्हणजे सगळे संपले असे नाही. कोणत्या वेळी, कोणासोबत, कशामुळे घेतली ते लिहून काढा आणि त्याच आठवड्यात डॉक्टरांकडे या. सोयाबीन-कपाशीचे पैसे हातात आल्याचा दिवस, पीक गेल्याचा दिवस, भांडणाची रात्र आणि सणाची संध्याकाळ, या वेळांची तयारी आधीच करा. चुकारा बायकोच्या खात्यात जमा करणे हासुद्धा उपचाराचाच भाग आहे.

शरीर मात्र लवकर साथ देते. यकृतावरची साधी चरबी काही आठवड्यांत उतरू लागते. भूक सुधारते. झोपेला वेळ लागतो, कधी काही महिने. तेवढ्यावरून धीर सोडू नका.

घरच्यांसाठी

- त्याची दारू तुमच्यामुळे सुरू झालेली नाही आणि तुमच्या रडण्याने थांबणारही नाही.
- तो प्यायलेला असताना वाद घालू नका, सकाळी बोला.
- त्याची उधारी फेडणे आणि कामावर खोटे कारण कळवणे थांबवा.
- मारहाण होत असेल तर आधी स्वतःला आणि मुलांना सुरक्षित ठिकाणी न्या. आजार हे मारहाणीचे कारण सांगून चालत नाही.

कुठे जायचे?

- अमरावतीत जिल्हा सामान्य रुग्णालय (इर्विन) आणि अकोल्यात सर्वोपचार रुग्णालय इथे मानसोपचाराची चौकशी करा. गावाकडे असाल तर आधी प्राथमिक आरोग्य केंद्र.
- केंद्र सरकारची व्यसनमुक्ती हेल्पलाइन : 14446
- टेलिमानस, मानसिक आरोग्यासाठी मोफत सल्ला : 14416
- झटका, भ्रम, ताप, रक्ताची उलटी किंवा शुद्ध हरपत असेल तर लगेच 108 ला फोन करा.

जाताना आधीचे कागद, सुरू असलेली औषधे आणि शेवटची दारू कधी घेतली ती वेळ एवढे सोबत न्या. शपथ कोणत्या दिवशी घ्यायची, ते डॉक्टरांशी बोलून मग ठरवा.