पक्ष्यांच्या नावाच्या नौका

आपल्या अंगणात येणारा लाल कार्दिनाल पक्षी मुलांनाही ठाऊक आहे. अमेरिकेतही कार्डिनल नावाचा एक लाल पक्षी आहे; जात मात्र वेगळी. त्याचे नाव तिथल्या नौदलाने पाणसुरुंग शोधणाऱ्या एका नौकेला दिले होते. ही प्रथा पहिल्या महायुद्धाच्या अखेरची. तेव्हाच्या नौकांत टिटवीचेही नाव होते.

दुबई-शारजाच्या सीमेवरील अल नहदा वस्तीत अनेक भारतीय कुटुंबे राहतात. आपल्या बेटाप्रमाणेच त्यांचा तांदूळ आणि डाळही समुद्रमार्गे येते. त्या समुद्रात सुरुंग पेरले तर काय होते, हे ऑगस्ट १९८७ मध्ये दिसले. फुजैराजवळ 'टेक्साको कॅरिबियन' हे तेलवाहू जहाज सुरुंगावर आदळले.

मार्च २००३ मध्ये इराकच्या उम्म कस्र बंदराची वाट अशीच अडली होती. ती मोकळी करणाऱ्यांत 'कार्डिनल' आणि 'रेव्हन', म्हणजे डोमकावळा, या नौका होत्या. लोहचुंबकाने फुटणारे सुरुंग जागे होऊ नयेत म्हणून त्यांचे सांगाडे लोखंडाऐवजी काचतंतूंचे केलेले होते. ब्रिटिश नौका, पाणबुडे आणि शिकवलेले डॉल्फिनही मदतीला होते. २८ मार्चला 'सर गॅलहॅड' हे जहाज अन्न, पाणी व औषधे घेऊन बंदरात पोहोचले. पुढे २००७ साली या दोन्ही नौका इजिप्तला देण्यात आल्या.

पितृपक्षात आपण कावळ्याला घास ठेवतो. तिथे कावळ्याच्या नावाच्या नौकेने भुकेल्यांच्या घासाची वाट मोकळी केली. युद्ध वाईटच, पण वाट मोकळी करणाऱ्यांचे काम आम्ही मुलांना अवश्य सांगतो.