देवचाराची चूड आणि शीतल प्रकाश

रात्री रानात वा पाण्याकाठी दिसणाऱ्या गूढ उजेडाला आपल्या भाषेने अनेक नावे दिली आहेत. दलदलीच्या जागी क्षणभर पेटून नाहीशी होणारी ज्योत म्हणजे आग्या वेताळ. पेडणे व डिचोली ह्या तालुक्यांत गावाच्या सीमेवरून सरकत जाणारा उजेड म्हणजे राखणदार देवचाराच्या हातातील चूड. डिचोलीतील साळ गावी होळीनंतर गड्यांचा उत्सव होतो. त्या वेळी अंधारात धावणाऱ्या गड्यांना देवचार दुरून मशाल दाखवतो, अशी श्रद्धा आहे. कालिदासानेही कुमारसंभवाच्या पहिल्या सर्गात तेलावाचून तेवणाऱ्या हिमालयातील वनौषधींचे वर्णन केले आहे.

ह्या उजेडाविषयी विद्यार्थ्याने विचारले, तर शाळेत बहुधा दोन उत्तरे मिळतात. एक, ‘हे सारे थोतांड आहे’. दुसरे, ‘तो फॉस्फरस असतो’. पहिल्या उत्तराने मुलाच्या घरातील वडीलधारी माणसे खोटी ठरतात. दुसरे उत्तर शास्त्राचा वेष घेऊन येते; पण बहुतेक ठिकाणी तेही चुकीचेच असते.

ह्या चुकीला इतिहास आहे. १६६९ साली हॅम्बुर्ग येथे हेनिग ब्रांट ह्याला अंधारात चमकणारे एक मूलद्रव्य सापडले. त्याला ग्रीक भाषेतील ‘प्रकाशवाहक’ ह्या अर्थाचे नाव मिळाले. पुढे अंधारात जे जे चमकेल, त्याला तेच नाव चिकटले. वस्तुतः समुद्राच्या लाटेतील उजेडाचा वा काजव्याच्या प्रकाशाचा ह्या मूलद्रव्याच्या चमकण्याशी संबंध नाही. त्या प्रकाशाला ‘जीवदीप्ती’ ही यथार्थ संज्ञा मराठीत आहे.

दिव्याची वात तापते म्हणून उजळते. जीवदीप्तीत मात्र रासायनिक क्रियेतून सुटलेली ऊर्जा उष्णतेचा टप्पा न घेता थेट प्रकाशरूप होते. म्हणून काजवा तळहातावर घेतला तरी चटका बसत नाही. ह्या क्रियेला प्राणवायू लागतो. सतराव्या शतकात रॉबर्ट बॉइल ह्याने चमकणाऱ्या कुजक्या लाकडाभोवतीची हवा पंपाने काढून घेतली, तेव्हा उजेड मंदावला. हवा परत सोडताच तो पुन्हा दिसू लागला. १८८७ साली राफाएल द्युबोआ ह्याने एका चमकणाऱ्या शिंपल्याचे दोन अर्क केले. थंड पाण्यातील अर्क काही वेळ चमकून विझला. गरम पाण्यातील अर्क चमकलाच नाही. दोन्ही एकत्र करताच प्रकाश पुन्हा प्रकटला. त्यावरून इंधनरूप द्रव्य व त्याला चेतवणारे द्रव्य अशी जोडी सिद्ध झाली. त्यांनाच ल्युसिफेरिन व ल्युसिफेरेज म्हणतात.

आता आपल्या परिसराकडे वळू. मोरजी, हरमल ह्या पेडण्याच्या किनाऱ्यांसमोरील अरबी समुद्रात नॉक्टिल्यूका हा एकपेशीय जीव आढळतो. लाटेचा धक्का बसताच तो निळसर चमकतो. पावसाच्या तोंडावर झाडांवर लुकलुकणारे काजवे पिवळसर-हिरव्या प्रकाशाने जोडीदाराला खूण करतात. डिचोलीला लागून असलेल्या सत्तरी तालुक्यातील म्हादई अभयारण्यात, ऐन पावसाळ्यात, कुजक्या काटक्यांवरील बुरशी स्थिर हिरवट उजेड देते. दलदलीतील ज्योतीचे कारण निराळे. तेथे कुजणाऱ्या पाल्यातून ज्वलनशील मिथेन वायू निघतो. तो आपोआप पेटत नाही. बुडबुड्यांमध्ये उडणाऱ्या अतिसूक्ष्म विद्युत्-ठिणग्या हे त्याचे संभाव्य कारण २०२५ साली पुढे आले आहे.

म्हणून शिक्षकाने उत्तर देण्याआधी विद्यार्थ्याला उलट प्रश्न विचारावेत. उजेड कोणत्या ऋतूत दिसला? जागा ओली की कोरडी? रंग कोणता? तो स्थिर होता, लुकलुकत होता की सरकत होता? बुरशीचा उजेड चालत नाही आणि काजवा एका जागी रात्रभर अखंड तेवत नाही. साळचा उत्सव फाल्गुनात, रान कोरडे असताना येतो. तेथे बुरशीचे नाव घेणे अशास्त्रीय ठरेल. ती श्रद्धा श्रद्धा म्हणूनच सांगावी. पारखल्याविना दिलेले शास्त्रीय नाव हे वेताळाचेच नवे रूप होय.

हे प्रश्न विचारण्याची संधी मात्र कमी होत चालली आहे. जानेवारी २०२३ पासून पेडण्याच्या मोपा पठारावर विमाने उतरू लागली; वाड्यावाड्यांत विजेचे दिवे आले. सोय झाली, ह्यात शंका नाही. परंतु झगझगीत दिव्यांत काजव्यांना एकमेकांच्या खुणा दिसेनाशा होतात आणि त्यांची वीण खुंटते. अंधार उरला नाही, तर देवचाराची चूड आणि काजव्याचा दिवा दोन्ही केवळ शब्दकोशात राहतील. शाळेने पावसाळ्याच्या तोंडावर एक रात्र मुलांना दिव्यांपासून दूर न्यावे आणि त्यांनी जे पाहिले, ते मराठीत लिहून घ्यावे. त्यातून शास्त्र व भाषा ह्या दोहोंचेही शिक्षण घडेल.