जर्मन नटी इंगे मायसेल

नटनट्यांचीं नांवें मुलांस पाठ असतात ह्याचें पुष्कळ आईबापांस वाईट वाटतें. तथापि एखाद्या नटीच्या चरित्रांतही शिकण्याजोगें कांहीं असूं शकतें. रूप व तारुण्य हेंच ज्या धंद्याचें भांडवल समजतात, त्या धंद्यांत जिची खरी कीर्ति पन्नाशीच्या सुमारास सुरू झाली. एका राजवटीनें जिला परकी ठरविलें आणि पुढें त्याच देशांतील लोकांनीं जिला ‘राष्ट्राची आई’ म्हटलें, अशा एका जर्मन नटीची हकीकत येथें दिली आहे.

इंगे मायसेल ह्यांचा जन्म ३० मे १९१० रोजीं बर्लिनला लागून असलेल्या रिक्सडॉर्फ येथें झाला. वडील यहूदी असून तंबाखूचे व्यापारी होते. आई डेन्मार्क देशची. नाट्यशिक्षण घेऊन १९३० सालीं त्यांनीं त्स्विकाउ शहरीं रंगभूमीवर पहिलें पाऊल टाकलें. पुढें लाइप्झिग व बर्लिन येथेंही कामें मिळूं लागलीं. इतक्यांत, १९३३ च्या जानेवारींत, हिटलर सत्तेवर आला.

त्याच वर्षाच्या सप्टेंबर महिन्यांत कलावंतांसाठीं एक सरकारी मंडळ स्थापन झालें. त्याचें सभासदत्व असल्यावांचून कोणास नाटकांत किंवा चित्रपटांत काम करतां येईना. आणि यहूदी रक्ताच्या माणसांस तें सभासदत्व नाकारण्यांत येऊं लागलें. माणसाची कला हिरावून घेण्यास तुरुंगच लागतो असें नाहीं. एक कागद नाकारला कीं पुरे होतें! मायसेलबाईंचे वडील यहूदी, म्हणून जर्मन रंगभूमीचें दार त्यांस बंद झालें. टेलिफोनवर बसून जोडण्या देणें, तांत्रिक आराखडे काढणें, अशीं कामें त्यांनीं त्या काळांत केलीं. वडिलांस लपून राहून जीव वांचवावा लागला. तेविसाव्या वर्षापासून पस्तिसाव्या वर्षापर्यंतचीं बारा वर्षें, म्हणजे नटीच्या आयुष्यांतील ऐन उमेदीचा काळ, असा निघून गेला.

१९४५ सालीं युद्ध संपलें. बॉम्बवर्षावानें उद्ध्वस्त झालेल्या हाम्बुर्ग शहरांत थालिया नाट्यगृहानें बाईंस काम दिलें. नायिकेचें वय तर सरलें होतें. ह्याबद्दल रडत न बसतां त्यांनीं मिळतील त्या भूमिका पत्करल्या. दरवानीण, शेजारीण, मोलकरीण, तोंडाळ पण मनानें निर्मळ अशा साध्या बायका त्यांनीं इतक्या खऱ्या उभ्या केल्या कीं, प्रेक्षकांस आपल्याच आळींतील माणूस पाहिल्यासारखें वाटे. १९५९-६० च्या सुमारास बर्लिन येथें एका नाटकांत त्यांनीं इमारतीची राखण करणाऱ्या एका आईचें काम केलें, तें अतिशय गाजलें.

ह्याच सुमारास दूरचित्रवाणी घरोघर पोहोंचूं लागली होती. पश्चिम जर्मनींत तिचे नियमित कार्यक्रम १९५२ च्या नाताळांत सुरू झाले होते. नाट्यगृहांत नटी दूर उभी असते. दूरचित्रवाणींत तिचा चेहरा थेट आपल्या बैठकीच्या खोलींत येतो. तेथें मोठा आवाज व मोठे हातवारे ह्यांचा उपयोग नाहीं. डोळ्यांतील लहानशी हालचालही दिसते. मायसेलबाईंच्या साध्या अभिनयास हें साधन फार मानवलें. ‘न सुधारणारीं माणसें’ अशा अर्थाच्या नांवाची एक कौटुंबिक मालिका १९६५ पासून १९७१ पर्यंत दरवर्षीं एक भाग याप्रमाणें मातृदिनीं दाखविली जाई. तींतील केटे शोल्त्स ही बर्लिनची गृहिणी म्हणजे आपल्या बाई. ही आई कांहीं देवी नव्हे. ती रागावते, नको तेथें नाक खुपसते, पैशापैशाचा हिशेब करते. पण घर मोडूं देत नाहीं. पडद्यावरील ह्या आईंत हजारों कुटुंबांनीं आपली आई ओळखली. विशेष हें कीं, बाईंस स्वतःचें मूल नव्हतें.

लोकप्रियतेमुळें त्या मिंध्या झाल्या नाहींत. १९७८ सालीं एका मोठ्या साप्ताहिकाच्या मुखपृष्ठांवर स्त्रियांचीं चित्रें हीन रीतीनें छापलीं जात, म्हणून कांहीं स्त्रियांनीं न्यायालयांत दावा लावला. वादींत मायसेलबाईही होत्या. दावा हरला; पण त्या प्रश्नाची देशभर चर्चा झाली. १९८१ सालीं सरकारनें मानाचें पदक देऊं केलें, तेंही त्यांनीं नाकारलें. नीट वागून जगल्याबद्दल पदक कशाला हवें, असा त्यांच्या म्हणण्याचा भाव होता. ज्यांच्या आयुष्यांत सरकारी कागदानें एकदां एवढा अनर्थ केला, त्यांस सरकारी मानाची ओढ नसावी ह्यांत नवल तें काय?

नव्वदी उलटल्यावरही त्या दूरचित्रवाणीवर काम करीत होत्या. १० जुलै १९०० पासून मोजलें तर एक शतकाहून अधिक काळानें, म्हणजे १० जुलै २००४ रोजीं, हाम्बुर्गजवळ आपल्या घरीं, वयाच्या चौऱ्याण्णवाव्या वर्षीं त्यांनीं देह ठेवला.

विद्यार्थीमित्रांनो, दार बंद झालें म्हणून विद्या संपत नाहीं. ती जपून ठेवणाऱ्यास उशिरां कां होईना, तिचें चीज करतां येतें. आणि कोण आपलें व कोण परकें हें राजाज्ञेनें ठरत नाहीं. ज्या बाईला कायद्यानें घराबाहेर काढलें, तिलाच लोकांनीं घरांत आणून आईच्या जागीं बसविलें.