मेल्बा लिस्टन : ट्राँबोन आणि लेखणी

जॅझ संगीताचा इतिहास बहुधा एकल वादकांच्या नावांनी सांगितला जातो. लुई आर्मस्ट्राँग यांचा ट्रंपेट किंवा चार्ली पार्कर यांचा सॅक्सोफोन ऐकताना आपले लक्ष त्या एका वाद्यावर खिळते. परंतु पंधरा-वीस वादकांचा वृंद जेव्हा वाजू लागतो, तेव्हा कोणी कोणता स्वर केव्हा धरावा आणि कोणी केव्हा मौन पाळावे, हे कोणीतरी आधी कागदावर लिहून ठेवलेले असते. हे काम करणारा तो संगीतसंयोजक, म्हणजेच ॲरेंजर. धून दुसऱ्याची असते, नाव वृंदप्रमुखाचे होते आणि संयोजक पडद्याआड राहतो. मुंबईच्या हिंदी चित्रपटसंगीतात सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस यांसारख्या गोमंतकीय कलावंतांच्या वाट्याला दीर्घकाळ असेच अज्ञातपण आले. अमेरिकेतील मेल्बा लिस्टन यांचे जीवन या दृष्टीने पाहण्याजोगे आहे. कारण त्या संयोजक होत्या, ट्राँबोनवादक होत्या आणि कृष्णवर्णीय स्त्रीही होत्या.

१३ जानेवारी १९२६ रोजी कॅन्सस सिटी येथे त्यांचा जन्म झाला. वयाच्या सातव्या वर्षी त्यांनी ट्राँबोन हाती घेतला. या पितळी वाद्याला बोटांनी दाबण्याच्या चाव्या नसतात. एक लांब नळी पुढे-मागे सरकवून सात स्थाने साधावी लागतात आणि नेमका स्वर कानानेच शोधावा लागतो. आपल्या मींडेप्रमाणे एका स्वरातून दुसऱ्यात घसरत जाणे या वाद्याला सहज जमते. मात्र शेवटच्या स्थानांपर्यंत पोहोचण्यास हात लांब लागतो, आणि सात वर्षांच्या मुलीला ही मोठीच अडचण असते. तरीही आठव्या वर्षी तिने स्थानिक नभोवाणीवर एकल वादन केले. १९३७ मध्ये कुटुंब लॉस एंजेलिसला आले. तेथे अल्मा हायटावर या शिक्षिकेकडे तिचे शिक्षण झाले. सोळाव्या वर्षी वादकांच्या संघटनेची सदस्य होऊन ती लिंकन नाट्यगृहाच्या वृंदात दाखल झाली आणि तेथेच स्वरलेखनाची सवय जडली. पुढे जेराल्ड विल्सन यांच्या वृंदात त्यांची वादक व संयोजक म्हणून घडण झाली.

डिझी गिलेस्पी यांनी त्यांना आपल्या वृंदात बोलावले, तेव्हा एका बाईला इतक्या दुरून कशासाठी आणले, अशी कुजबुज वादकांत झाली. लिस्टन यांच्या आठवणीनुसार, गिलेस्पी यांनी वाद न घालता त्यांनी लिहून आणलेली रचनाच सर्वांपुढे ठेवली. वादक अडखळू लागले आणि कुजबुज थांबली.

परंतु प्रत्येक वेळी लेखणी अशी रक्षणास आली नाही. १९४९ मध्ये गायिका बिली हॉलिडे यांच्यासमवेत अमेरिकेच्या दक्षिण भागात झालेला दौरा श्रोत्यांअभावी फसला. वर्णभेद, प्रवासातील हालअपेष्टा आणि पुरुषांच्या त्या जगात एकट्या स्त्रीवर होणारे लैंगिक अत्याचार, ज्यांविषयी त्या उत्तरायुष्यात स्पष्टपणे बोलल्या, हे सारे सोसून त्यांनी वाद्य बाजूला ठेवले. काही वर्षे त्यांनी लॉस एंजेलिसच्या शिक्षण मंडळात नोकरी केली. ‘द टेन कमांडमेंट्स’ (१९५६) सारख्या चित्रपटांत किरकोळ कामेही केली.

१९५६ मध्ये गिलेस्पी यांनी त्यांना पुन्हा बोलावले. अमेरिकी परराष्ट्र खात्याने आयोजित केलेल्या दौऱ्यात हा वृंद मध्यपूर्वेत आणि कराची, ढाका या शहरांपर्यंत गेला. १९५८ मध्ये ‘मेल्बा लिस्टन अँड हर बोन्स’ ही ध्वनिमुद्रिका तयार झाली. तीत त्यांच्याभोवती इतर ट्राँबोनवादकच जमवलेले होते. दुसऱ्या वर्षी क्विन्सी जोन्स यांच्या वृंदाबरोबर त्या युरोपात गेल्या.

याच सुमारास पियानोवादक रँडी वेस्टन यांच्याशी त्यांचे दीर्घ सहकार्य सुरू झाले. पियानोवर दोन हातांत मावणारी कल्पना वेस्टन यांची असे. ती अनेक वाद्यांत वाटून देताना तिचा मूळ स्वभाव टिकवणे हे लिस्टन यांचे काम. संयोजकाची कसोटी येथेच लागते. सर्व वाद्ये एकदम वाजवली तर केवळ गोंगाट होतो. कोणता स्वर खर्जातील ट्राँबोनला द्यावा आणि कोणता बासरीसाठी राखावा, यावर रचनेचा रंग ठरतो. १९६० या वर्षी आफ्रिकेतील सतरा देश स्वतंत्र झाले. त्याच वर्षी या दोघांनी ‘उहुरू आफ्रिका’ ही रचना ध्वनिमुद्रित केली. ‘उहुरू’ म्हणजे स्वाहिलीत स्वातंत्र्य. शब्दरचना कवी लँग्स्टन ह्यूज यांची होती. आफ्रिकी तालवाद्ये आणि जॅझचा मोठा वृंद तीत एकत्र आले. दक्षिण आफ्रिकेच्या वंशभेदी शासनाने या ध्वनिमुद्रिकेवर बंदी घातली, यावरून तिचा आशय तेथे किती नेमका कळला होता हे दिसते.

लिस्टन यांनी मोटाउन या लोकप्रिय संगीताच्या कंपनीसाठीही संयोजन केले. १९७३ ते १९७९ या काळात त्यांनी जमैकातील संगीत विद्यालयात अध्यापन केले. मायदेशी परतल्यावर त्यांनी स्वतःचा वृंद उभारला. १९८५ मध्ये पक्षाघाताने ट्राँबोन कायमचा सुटला. तेव्हा त्यांनी संगणकाच्या साहाय्याने स्वरलेखन चालू ठेवले आणि वेस्टन यांच्या १९९० नंतरच्या ध्वनिमुद्रिकांचे संयोजन या अवस्थेत केले. १९८७ मध्ये ‘नॅशनल एंडोमेंट फॉर द आर्ट्‌स’ या संस्थेने त्यांना जॅझमधील सर्वोच्च राष्ट्रीय सन्मान दिला. २३ एप्रिल १९९९ रोजी लॉस एंजेलिस येथे त्यांचे निधन झाले.

वाद्य त्यांच्या हातून दोनदा सुटले. एकदा माणसांच्या वागणुकीमुळे आणि एकदा आजारामुळे. पहिल्या वेळी ते पुन्हा हाती घेता आले, दुसऱ्या वेळी नाही. तरीही दुसऱ्यांच्या वादनातून त्यांचे संगीत ऐकू येत राहिले. संयोजकाच्या कलेचे मर्म याहून वेगळे नाही.