बंगल बंगलची हवाई व पायी सहल

बंगल बंगलची हवाई व पायी सहल ही ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम ऑस्ट्रेलिया राज्यातील पर्नुलुलु राष्ट्रीय उद्यान एका दिवसात पाहण्याची प्रचलित पद्धत आहे. किंबर्ली प्रदेशातील कुनुनुरा या गावाहून प्रवासी लहान विमानाने निघतात, बंगल बंगल पर्वतरांग आकाशातून पाहतात आणि उद्यानातील धावपट्टीवर उतरतात. त्यानंतर मार्गदर्शकासह दऱ्यांमधून पायी फिरून ते संध्याकाळपूर्वी परततात. ही रांग वालुकाश्माच्या पट्टेदार घुमटांसाठी व अरुंद, खोल घळींसाठी प्रसिद्ध आहे. इ.स. २००३ मध्ये युनेस्कोने या उद्यानाचा जागतिक वारसा स्थळांच्या यादीत समावेश केला.

भौगोलिक स्थान

पर्नुलुलु राष्ट्रीय उद्यान किंबर्ली प्रदेशाच्या पूर्व भागात आहे. जागतिक वारसा क्षेत्राचा विस्तार सुमारे २,४०,००० हेक्टर आहे. उद्यानाच्या उत्तरेस मोसमी पावसाचा उष्ण कटिबंधीय पट्टा व दक्षिणेस ऑस्ट्रेलियाच्या अंतर्भागातील वाळवंटे असून उद्यान या दोहोंच्या संक्रमण पट्ट्यात येते. त्यामुळे येथील भूदृश्य वाळवंटी दिसत असले, तरी उन्हाळ्यात, म्हणजे साधारणपणे नोव्हेंबर ते मार्च या काळात, जोरदार पाऊस पडतो. वर्षाच्या उरलेल्या काळात बहुतेक ओढे कोरडे असतात.

कुनुनुराहून दक्षिणेकडे महामार्गाने सुमारे २५० किमी गेल्यावर उद्यानाचा फाटा लागतो. तेथून पुढची सुमारे ५३ किमीची कच्ची वाट अनेक ओढे ओलांडून जाते. ती केवळ चारही चाकांना शक्ती मिळणाऱ्या उंच वाहनांनाच पार करता येते आणि त्यासाठी दोन ते तीन तास लागतात. रस्त्याने एकाच दिवसात जाऊन दऱ्या पाहून परतणे त्यामुळे अवघड होते. हवाई सहलीचे चलन वाढण्यामागे हे प्रमुख कारण आहे.

खडक व घुमटांची निर्मिती

बंगल बंगलचा वालुकाश्म सुमारे ३६ कोटी वर्षांपूर्वी, डेव्होनियन कालखंडात, नद्यांनी आणलेल्या वाळूचे थर साचून तयार झाला. पुढे हा भूभाग उचलला गेला. त्यातील उभ्या भेगांमधून पाणी वाहू लागले आणि भेगा रुंदावत गेल्या. आज दिसणारे घुमट गेल्या सुमारे दोन कोटी वर्षांच्या झिजेतून आकारास आले आहेत. मधमाश्यांच्या जुन्या पद्धतीच्या शंक्वाकार पोळ्यांशी साम्य असल्याने त्यांची तुलना नेहमी पोळ्यांशी केली जाते. काही घुमट भोवतालच्या मैदानापासून सुमारे २५० मीटर उंच आहेत.

घुमटांवर नारिंगी व काळसर राखाडी पट्टे आलटून पालटून दिसतात. ते थरांच्या घटकद्रव्यांतील फरकामुळे निर्माण झाले आहेत. ज्या थरांत चिकणमातीचे प्रमाण अधिक असते ते ओलावा धरून ठेवतात. त्यांच्या पृष्ठभागावर नीलहरित जीवाणू वाढतात व काळसर पापुद्रा तयार होतो. ज्या थरांत चिकणमाती कमी असते ते लवकर वाळतात. तेथे जीवाणू तग धरू शकत नाहीत आणि लोहाच्या ऑक्साइडामुळे खडकाला गंजासारखा नारिंगी रंग येतो.

या पापुद्र्याला केवळ रंगापुरते महत्त्व नाही. येथील वालुकाश्माच्या कणांना बांधून ठेवणारे द्रव्य फार कमी आहे. कण एकमेकांत अडकून राहिल्यामुळे आणि वरच्या पातळ कवचामुळे खडकाचा आकार टिकून आहे. कवच फुटले, की आतील पांढुरकी, भुसभुशीत वाळू उघडी पडते व झीज वेगाने होऊ लागते. घुमटांवर चढण्यास मनाई आहे ती याच कारणाने.

इतिहास

गिजा व जारू हे या भूमीचे पारंपरिक स्वामी आहेत. त्यांच्या पूर्वजांचा या प्रदेशाशी हजारो वर्षांचा संबंध आहे. उद्यानाच्या हद्दीत शैलचित्रे व दफनस्थाने आहेत. ‘पर्नुलुलु’ हे नाव गिजा भाषेतील असून त्याचा अर्थ वालुकाश्म असा सांगितला जातो. ‘बंगल बंगल’ या नावाच्या व्युत्पत्तीविषयी मतभेद आहेत. ते एका स्थानिक गवताच्या नावाचा अपभ्रंश असावे, असे एक मत आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस गोऱ्या वसाहतकारांनी किंबर्लीत गुरांची मोठी कुरणे स्थापन केली आणि इ.स. १८८५ नंतर हॉल्स क्रीक येथे सोन्याच्या शोधात लोक आले. या काळात मूलनिवासी समाजांना हिंसा व विस्थापन सोसावे लागले. पुढे त्यांतील अनेकांनी आपल्याच भूमीवरील कुरणांत गुराखी म्हणून काम केले. अतिचराईमुळे ऑर्ड नदीच्या खोऱ्यातील गवत नष्ट झाले व मातीची धूप वाढली. त्यामुळे विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात शासनाने येथील कुरणे ताब्यात घेऊन हजारो मोकाट गुरे व गाढवे हलवली आणि जमिनीवर पुन्हा गवत वाढवण्याचे काम हाती घेतले.

पर्वतरांग महामार्गापासून दूर असल्याने स्थानिक रहिवासी, गुराखी व वैमानिक यांच्यापलीकडे ती फारशी कोणाला माहीत नव्हती. इ.स. १९८३ मध्ये दूरचित्रवाणीसाठी झालेल्या हवाई चित्रीकरणातून ती देशभर परिचित झाली. पर्यटनविषयक लेखनात या घटनेचे वर्णन अनेकदा ‘शोध’ असे केले जाते. मात्र गिजा व जारू समाजांना ही भूमी कधीच अज्ञात नव्हती. चित्रीकरणानंतर पर्यटकांचा ओघ वाढला आणि इ.स. १९८७ मध्ये राष्ट्रीय उद्यान घोषित करण्यात आले.

हवाई प्रवास

सहल बहुधा पहाटे किंवा सकाळी लवकर सुरू होते. दुपारी तापलेल्या जमिनीवरून हवा वर उठते व लहान विमानांना हादरे बसतात. शिवाय सकाळच्या तिरप्या उन्हात घुमटांच्या सावल्या लांब पडून त्यांचा उठाव स्पष्ट दिसतो. खिडकीतून खाली पाहताना अडथळा येऊ नये म्हणून पंख वरच्या बाजूस असलेली विमाने वापरली जातात. भार समतोल राहावा यासाठी उड्डाणापूर्वी प्रवाशांच्या वजनाची नोंद घेऊन त्यांच्या जागा ठरवल्या जातात.

कुनुनुरा सोडल्यावर प्रथम ऑर्ड नदीच्या कालव्यांवर भिजणारी शेती दिसते व नंतर आर्गाइल जलाशय लागतो. इ.स. १९७१ मध्ये पूर्ण झालेल्या धरणामुळे निर्माण झालेला हा जलाशय पूर्ण भरल्यावर सुमारे १,००० चौरस किमी क्षेत्र व्यापतो. जुन्या टेकड्यांचे माथे त्यात बेटांसारखे दिसतात. मिरिवूंग समाजाची मोठी भूमी या पाण्याखाली गेली.

जलाशयाच्या नैर्ऋत्येस आर्गाइल हिऱ्यांच्या खाणीचे पायऱ्यापायऱ्यांचे विवर आहे. गुलाबी हिऱ्यांसाठी ही खाण जगप्रसिद्ध होती, पण तिच्यातून निघणारे बहुसंख्य हिरे लहान व तपकिरी छटेचे असत. त्यांचा मोठा भाग पैलू पाडण्यासाठी व व्यापारासाठी भारतात, मुख्यतः सुरत व मुंबई या केंद्रांत येत असे. नोव्हेंबर २०२० मध्ये खाणीतील उत्पादन बंद झाले.

पुढे ऑसमंड रांग ओलांडल्यावर बंगल बंगलचा पठारी माथा दिसू लागतो. त्याच्या उत्तर व पश्चिम बाजूंस उभे कडे व त्यांत शिरलेल्या अरुंद घळी आहेत, तर दक्षिण व पूर्व कडांना घुमटांची दाटी आहे. भेगांचे जाळे व त्यांना अनुसरून वाहणारे ओढे यांचा परस्परसंबंध उंचीवरून स्पष्ट होतो. रांगेच्या माथ्यावर सुमारे ७ किमी व्यासाची एक वर्तुळाकार रचना आहे. ती प्राचीन अशनिपाताने झालेल्या विवराचा झिजलेला अवशेष मानली जाते. जमिनीवरून ती ओळखता येत नाही.

पायी भ्रमण

विमान उद्यानातील बेलबर्न धावपट्टीवर उतरते. तेथून वाहनाने दक्षिणेकडील पिकानिनी वाहनतळावर नेले जाते. एका दिवसाच्या सहलीत सामान्यतः पुढील ठिकाणे पाहिली जातात.

घुमटांची वाट: घुमटांच्या पायथ्यालगत जाणारी ही छोटी वर्तुळाकार वाट आहे. येथे पट्ट्यांतील थर, मुंग्यांसारख्या दिसणाऱ्या वाळवींची वारुळे व काटेरी स्पिनिफेक्स गवत जवळून पाहता येते.

कॅथीड्रल दरी: सपाट वाळू, खडकाळ टप्पे व काही लहान शिड्या ओलांडून ही वाट एका विस्तीर्ण नैसर्गिक रंगमंडलाशी संपते. पावसाळ्यात वरून कोसळणाऱ्या धबधब्याने कड्याचा पायथा कोरून काढल्यामुळे वरचा खडक छतासारखा पुढे आला आहे. मध्यभागी वाळूचे मैदान व एक डोह असून कोरड्या हंगामातही त्यात बराच काळ पाणी राहते. वक्र भिंतींमुळे आवाज घुमतो.

पिकानिनी ओढा: कोरड्या हंगामात ओढ्याच्या खडकाळ पात्रातूनच चालता येते. पुराच्या पाण्याबरोबर गरगरणाऱ्या दगडगोट्यांनी पात्रात लांबट खाचा व रांजणखळगे पडले आहेत. ओढ्याच्या वरच्या अंगाला असलेल्या पिकानिनी दरीत जाण्यासाठी मुक्कामाची तयारी लागते. एकदिवसीय सहलीत तिचा समावेश नसतो.

उत्तरेकडील एकिडना घळ काही निराळ्या सहलींमध्ये दाखवली जाते. येथील खडक गोट्यांनी भरलेला पिंडाश्म आहे. काही ठिकाणी घळ इतकी अरुंद होते, की दोन्ही भिंतींना एकाच वेळी हात टेकतात. सूर्यप्रकाश तळापर्यंत केवळ दुपारच्या सुमारास थोडा वेळ पोहोचतो आणि तेव्हा भिंती तांबूस उजळतात. घळीच्या तोंडाशी पंख्यासारख्या पानांचे लिव्हिस्टोना ताड वाढतात. भोवतालच्या रुक्ष मैदानात न टिकणाऱ्या वनस्पतींना घळीतील सावली व ओलावा आधार देतात.

हंगाम व सुरक्षितता

उद्यान साधारणपणे एप्रिलपासून वर्षअखेरीपर्यंत खुले असते आणि पावसाळ्यात रस्ते बंद ठेवले जातात. जून ते ऑगस्ट हा काळ चालण्यास सर्वांत सुखद असतो. सप्टेंबरनंतर तापमान ४० अंश सेल्सियसच्या आसपास जाऊ लागते. खडक दिवसभर उष्णता साठवून ती परत फेकत असल्याने सावली नसलेल्या वाटांवर उष्माघाताचा धोका वाढतो. वाटा फार चढाच्या नसल्या, तरी पुरेसे पाणी, रुंद काठाची टोपी व घट्ट बूट आवश्यक मानले जातात. अनेक भागांत भ्रमणध्वनीचे जाळे उपलब्ध नसते.

संवर्धन व पर्यटन

उद्यानाचे व्यवस्थापन राज्य शासनाकडे असून पारंपरिक स्वामींचा त्यात सहभाग आहे. पवित्र मानली जाणारी काही स्थाने पर्यटकांसाठी खुली नाहीत आणि ती विमानातून किंवा मार्गदर्शकाकडूनही दाखवली जात नाहीत.

हवाई पर्यटनाचे परिणाम दुहेरी आहेत. विमानाने येणारे प्रवासी कच्च्या रस्त्यांवर व तळांवर भार टाकत नाहीत आणि ठरावीक वाटांवर मार्गदर्शकासोबत चालत असल्याने घुमटांच्या कवचाला कमी हानी पोहोचते. दुसरीकडे विमाने व हेलिकॉप्टर यांचा आवाज दऱ्यांत दूरवर ऐकू येतो. त्यामुळे पायी फिरणाऱ्यांच्या व मुक्कामास राहिलेल्यांच्या शांततेत व्यत्यय येतो.

मोकाट गुरांचा शिरकाव, बाहेरून आलेल्या वनस्पती व उसावरील विषारी बेडूक हे उद्यानापुढील इतर प्रश्न आहेत. हंगामाच्या अखेरीस लागणाऱ्या मोठ्या वणव्यांमुळेही वनस्पतींची हानी होते. त्यांना आळा घालण्यासाठी हंगामाच्या सुरुवातीस, गवत पूर्ण वाळण्याआधी, लहान नियंत्रित आगी लावल्या जातात. उत्तर ऑस्ट्रेलियातील मूलनिवासी समाजांच्या परंपरेत ही पद्धत पूर्वापार चालत आली आहे.