विश्लेषण : बोहाड्यातील सोंग आणि ‘झेलिग’चा चेहरा... फरक काय?

जव्हार-मोखाड्याच्या बोहाड्यात माणूस रात्री देव किंवा राक्षस होतो आणि सोंग उतरवून आपल्या घरी जातो. वुडी ॲलन यांच्या ‘झेलिग’ (१९८३) या चित्रपटातील नायकाकडे मात्र सोंगामागे स्वतःचा असा चेहराच उरलेला नाही.

चित्रपट काय आहे?

माहितीपटाच्या थाटात रचलेला हा ७९ मिनिटांचा काल्पनिक उपहासपट आहे. काळ १९२०-३०च्या दशकांचा. लेनर्ड झेलिग ज्यांच्यात बसतो, त्यांच्यासारखाच होतो. लठ्ठ माणसांत लठ्ठ, डॉक्टरांत डॉक्टर. मानसोपचारतज्ज्ञ युडोरा फ्लेचर (मिया फॅरो) त्याला संमोहनाखाली बोलते करते, तेव्हा कारण कळते. चारचौघांसारखे झाले की त्याला सुरक्षित वाटते.

तो खरा का वाटतो?

छायाचित्रणकार गॉर्डन विलिस यांनी जुनी भिंगे वापरली, नव्या चित्रणावर ओरखडे उमटवले. जुन्या बातमीपटांत ॲलन बेमालूम मिसळले. सुसान सोंटॅग, सॉल बेलो यांच्यासारखे खरे विचारवंत या खोट्या माणसाबद्दल गंभीरपणे बोलतात. छायाचित्रण आणि वेशभूषेसाठी चित्रपटाला ऑस्कर नामांकने मिळाली. एकच कल्पना ताणल्याने मधला भाग थोडा सैलावतो, हे खरे.

हसू कुठे थांबते?

झेलिग शेवटी सापडतो तो जर्मनीत, हिटलरच्या सभेत, नाझींच्या रांगेत. गर्दीत विरघळण्याची सवय लागली की गर्दी कोणाची आहे, हे विचारायचे राहून जाते. विनोदाच्या आडून चित्रपट हा इशारा देतो.

बोहाड्यात वेगळे काय?

तिथे ठरावीक सोंगांचा मान ठरावीक घराण्यांकडे पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. संबळाच्या तालावर मुखवटा नाचतो, तेव्हा आत कोण आहे हे गावाला ठाऊक असते. मुखवटा ओळख पुसत नाही, उलट घराण्याची ओळख सांगतो.

याच भागातील अनेक कुटुंबे दिवाळीनंतर कामासाठी ठाणे, भिवंडी, नाशिककडे जातात. परक्या नाक्यावर कोणी हसू नये म्हणून घरची बोली गिळणारा तरुणही थोडा झेलिगच. त्याने रंग बदलला तो भीतीपोटी. त्याचे हसे करण्याआधी त्याला रंग बदलायला कोणी लावले, हे विचारायला हवे.

का पाहावा?

लाइक मिळावेत म्हणून मत बदलण्याच्या काळात चाळिशी ओलांडलेला हा चित्रपट जुना वाटत नाही. सोंग घेण्यात वाईट काही नाही. ते उतरवता आले पाहिजे, एवढेच.