उद्यापासून येऊ नको

"उद्यापासून येऊ नको." साहेब एवढेच म्हणतात आणि नोकरी जाते. हाती कागद नाही, चिठ्ठी नाही. चंद्रपूर-गडचिरोलीच्या जंगलभागात ही गोष्ट नवी नाही. कचेरीतला हंगामी शिपाई, झाडलोट करणारी बाई, रोपवाटिकेतला रोजंदारी मजूर, साऱ्यांना एकच उत्तर मिळते. "तुम्ही तात्पुरते. तुमचा हक्क कसला?"

हक्क आहे. तो कुठवर आहे, ते आपण पाहू.

आधी कडू गोष्ट सांगतो. पुष्कळ वर्षे राबले म्हणून माणूस आपोआप कायम होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2006 साली उमादेवी खटल्यात तसे सांगितले. सरकारी नोकरी उघड भरतीने मिळावी, म्हणजे सर्वांना संधी मिळते. हे बरोबरच आहे. पण कचेऱ्यांनी या निकालाची ढालच केली! मग 20 डिसेंबर 2024 रोजी त्याच न्यायालयाने कान टोचले. केंद्रीय जल आयोगाच्या कचेरीत काही जण झाडलोट आणि बागकाम करीत होते. कित्येक वर्षे केले. 2018 साली त्यांना एकाएकी काढले. न्यायालयाने त्यांना परत घ्यायला लावले, आणि कायमही करायला लावले. काम रोजचे, गरजेचे आणि वर्षानुवर्षे चालणारे असेल, तर माणूस तात्पुरता कसा?

आता हिशेबाची गोष्ट. बारा महिन्यांत 240 दिवस काम भरले, की ती एक वर्षाची सलग नोकरी. पगारी सुट्ट्याही यात धरतात. अशा कामगाराला कमी करायचे, तर एक महिन्याची नोटीस द्यावी लागते, नाहीतर महिन्याचा पगार. शिवाय दर पुऱ्या वर्षामागे 15 दिवसांचा पगार. समजा, रोज 400 रुपये आहे आणि सहा वर्षे भरली. 15 दिवसांचे 6,000, सहा वर्षांचे 36,000 रुपये. वणव्याच्या दिवसांत चार महिनेच जंगल राखणाऱ्याचे मात्र 120 दिवसच होतात. त्याला हा नियम लागत नाही. ठरावीक मुदतीचा करार संपला, तरी लागत नाही.

हा नियम 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यात होता. 21 नोव्हेंबर 2025 पासून नवी औद्योगिक संबंध संहिता आली, तिच्यातही तो आहे. पण तो 'उद्योगा'ला लागतो. सरकारी खाते उद्योग कसा, असे साहेब विचारतील. पुण्याजवळ पाचगाव पर्वतीच्या वनकामावर मजूर होते. त्यांच्या खटल्यात वन खात्याने हेच विचारले होते. 1995 साली सर्वोच्च न्यायालयाने निकाल मजुरांच्या बाजूने दिला. तरी नियम मोडला म्हणून नोकरी परत मिळेलच, असे नाही. रोजंदारीच्या माणसाला न्यायालय पुष्कळदा ठोक रक्कमच देते.

चोरीचा, लबाडीचा आळ घेऊन काढले असेल, तर गोष्ट वेगळी. सरकारी पदावरच्या तात्पुरत्या माणसालाही चौकशी केल्याशिवाय, त्याचे म्हणणे ऐकल्याशिवाय शिक्षा म्हणून काढता येत नाही. राज्यघटनेच्या 311 व्या कलमाचा हा अर्थ न्यायालयाने 1957 सालीच सांगितला आहे.

सारे अडते ते पुराव्यावर. हजेरीपट साहेबाच्या कपाटात, आपल्याजवळ काय? म्हणून पगाराची पावती, बँकेचे पासबुक, कामाची चिठ्ठी, जे असेल ते जपून ठेवावे. काही नसेल, तर माहितीच्या अधिकारात अर्ज करून हजेरीपटाची नक्कल मागावी. अर्जाला 10 रुपये, नकलेला पानामागे 2 रुपये. उत्तर 30 दिवसांत मिळायला पाहिजे. कोऱ्या कागदावर सही करू नये, अंगठा तर नाहीच नाही.

कामगाराने तक्रार कामगार खात्याच्या समेट अधिकाऱ्याकडे न्यावी. दोन वर्षे उलटली, की तो तंटा हाती घेत नाही. सरकारी पदावर नेमलेल्याचे प्रकरण नागपूरला प्रशासकीय न्यायाधिकरणात जाते. तिथे मुदत एकच वर्षाची. वकिलाला पैसे नसले म्हणून अडून राहू नका. आदिवासी, अनुसूचित जातीचे लोक, बाया आणि कामगार यांना जिल्हा विधी सेवा प्राधिकरण वकील फुकट देते. चंद्रपूरला आहे, गडचिरोलीलाही आहे. जिल्हा न्यायालयात जाऊन विचारावे.